शस्त्रक्रियागृहातून रंगमंचावर: आठ आठवड्यांच्या ड्रॅग कार्यशाळेचा अनुभव

पहिल्या दिवशी आमच्यासमोर रंग, ब्रश किंवा विग येण्याआधी एक रिकामा स्टीलचा ट्रे आला. त्यावर स्वच्छ पांढरे कापड अंथरले गेले आणि मग एकेक वस्तू डावीकडून उजवीकडे, जी आधी लागणार ती आधी, अशा क्रमाने मांडली गेली. मांडणारे गृहस्थ आज पूर्णवेळ ड्रॅग कलाकार आहेत, म्हणजे जड रंगभूषा आणि वेष यांच्या साहाय्याने स्त्रीचे किंवा पुरुषाचे ठसठशीत पात्र रंगमंचावर उभे करणाऱ्यांपैकी एक, पण त्यापूर्वी सतरा वर्षे ते रुग्णालयाच्या शस्त्रक्रियागृहात परिचारक होते, म्हणजे रुग्ण आणि नातेवाईक ज्यांना ‘ब्रदर’ अशी हाक मारतात त्यांपैकी एक. ट्रे लावून झाल्यावर त्यांनी त्यातील पिना मोजल्या, आकडा फळ्यावर लिहिला आणि सांगितले की, विग उतरवताना याच आकड्याशी मोजणी जुळली पाहिजे आणि ती जुळेपर्यंत कोणीही खोलीबाहेर जायचे नाही. शस्त्रक्रियेपूर्वी आणि टाके घालण्यापूर्वी गॉज आणि हत्यारे मोजण्याची जी शिस्त असते, ती त्यांनी जशीच्या तशी रंगभूषेच्या टेबलावर आणली आहे. या कार्यशाळेविषयी लिहावेसे वाटले ते मुख्यतः या शिस्तीमुळे.

प्रथम माझ्याविषयी थोडे सांगते, कारण परीक्षण कोणत्या नजरेतून केले आहे हे वाचकाला ठाऊक असावे. मी एकोणीस वर्षे लेखापरीक्षणाचे काम करीत आले आहे आणि महाविद्यालयात असताना नाटकात केलेल्या किरकोळ भूमिका सोडल्या तर रंगमंचाशी माझा संबंध प्रेक्षक म्हणूनच राहिला. पुरुषवेषात उभे राहून एक संपूर्ण पात्र रंगवावे, म्हणजे ड्रॅग किंग म्हणून काम करावे, ही इच्छा मात्र मनात बरीच वर्षे होती. ती बोलून दाखवण्याचे धैर्य चाळिशी ओलांडल्यावर आले आणि त्यानंतर काही महिन्यांतच मी या कार्यशाळेत नाव नोंदवले. आम्ही अकरा जण होतो. आठवड्यातून एकदा तीन तास, असे सात वर्ग झाले आणि आठव्या आठवड्यात निमंत्रित प्रेक्षकांसमोर प्रत्येकाने एक छोटा प्रयोग सादर केला.

त्यांना हाक काय मारायची हा प्रश्न पहिल्याच तासाला निघाला. आम्ही सवयीने ‘सर’ म्हणू लागलो तेव्हा त्यांनी हात जोडून विनंती केली, “सतरा वर्षं मी सर्जनना सर म्हणत आलो. मला ते नको. असा बसलेलो असेन तेव्हा दादा म्हणा, आणि साज चढला की ताई.” मराठी क्रियापदाला लिंग असते, त्यामुळे हा बदल आमच्यासाठी केवळ हाकेपुरता राहिला नाही. चेहरा कोरा असताना ते ‘आलो’ म्हणत. ओठांवर शेवटचा रंग लागला की त्याच तोंडून ‘आले’ ऐकू येई आणि आमच्यापैकी एकाचेही वाक्य त्यानंतर चुकले तर त्या शांतपणे ते दुरुस्त करीत. मलाही उलट दिशेने हाच सराव करावा लागला. आयुष्यभर ‘मी गेले, मी आले’ म्हणणाऱ्या जिभेला ‘मी गेलो’ म्हणायला लावताना खांदे आपोआप मागे जातात आणि उभे राहणे बदलते, हे मला आरशापेक्षा व्याकरणाने आधी शिकवले. ड्रॅग ही रंगमंचावरची भूमिका आहे, तर ट्रान्स असणे, म्हणजे जन्मावेळी नोंदलेल्या लिंगाहून आपले लिंग वेगळे असणे, ही माणसाची स्वतःची ओळख आहे. ट्रान्स व्यक्तीही ड्रॅग करतात, पण म्हणून या दोन गोष्टी एक ठरत नाहीत, हेही दादांनी याच तासाला स्पष्ट केले. कोणाला कोणत्या नावाने व कोणत्या लिंगात बोलवायचे हे प्रत्येकाला विचारून त्यांनी वहीत लिहून घेतले आणि आठही आठवडे ते पाळले.

कार्यशाळेतील सर्वांत मोलाचा भाग दुसऱ्या आणि तिसऱ्या आठवड्यातला होता, आणि तो त्वचेचा होता. ड्रॅगची रंगभूषा दैनंदिन मेकअपपेक्षा फार जड असते. भुवया झाकण्यासाठी त्यांवर पाण्याने धुतला जाणारा ग्लू स्टिक लावतात, केस वरच्या दिशेने चापून बसवतात, थर वाळू देतात, पुन्हा लावतात, आणि तीन-चार थरांनंतर पावडर दाबून त्यावर कन्सीलर चढवतात, तेव्हा कुठे कपाळ सपाट दिसू लागते आणि नवी भुवई बोटभर उंचावर काढता येते. दाढीची निळसर छटा लपवण्यासाठी फाउंडेशनखाली नारिंगी रंगाचा थर द्यावा लागतो, कारण नारिंगी रंग निळ्याला मारतो. ही माहिती अन्यत्रही मिळू शकते. अन्यत्र सहसा न मिळणारी गोष्ट म्हणजे यातील प्रत्येक पायरीला जोडून दादांनी दिलेले वैद्यकीय भान. खोट्या पापण्यांच्या अनेक गोंदांमध्ये लेटेक्स असते आणि काही जणांना त्याची तीव्र ॲलर्जी असते, म्हणून गोंद डोळ्याला लावण्याआधी आदल्या दिवशी हाताच्या आतील बाजूस थेंबभर लावून पाहायचा, हा नियम त्यांनी इतका काटेकोरपणे पाळला की दुसऱ्या वर्गात कोणालाही पापण्या लावू दिल्या नाहीत. फक्त तपासणीचा ठिपका लावून घरी पाठवले. एका तरुण सहभागीच्या हातावर दुसऱ्या दिवशी लाल चट्टा उठला. त्याच्यासाठी लेटेक्सविरहित गोंद आणला गेला.

हस्तकलेच्या दुकानात मिळणारी चमकी डोळ्यांजवळ वापरायची नाही, कारण तिचे कण धारदार असतात आणि बुबुळावर ओरखडा पडू शकतो. मस्कारा कोणाशीही वाटून घ्यायचा नाही. विगची जाळी कपाळाला चिकटवणारा स्पिरिट गम कधीही ओढून काढायचा नाही, तर तो विरघळवणारे द्रावण लावून, तो स्वतःहून सुटेपर्यंत थांबायचे. अशी प्रत्येक सूचना त्यांनी कारणासह दिली. शस्त्रक्रियागृहात चिकटपट्टी काढताना कातडी आणि पट्टी यांच्यामध्ये बोट कसे ठेवतात ते त्यांनी माझ्या मनगटावर करून दाखवले, आणि नंतर तेच बोट विगच्या जाळीखाली ठेवून तीच क्रिया पुन्हा केली. त्यांच्या जुन्या आणि नव्या व्यवसायांतील नाते समजावून सांगणारे याहून स्पष्ट काही मला त्या आठ आठवड्यांत दिसले नाही.

माझ्या दृष्टीने निर्णायक ठरली ती छाती बांधण्याविषयीची त्यांची सूचना. पुरुषपात्रासाठी छाती सपाट दिसावी म्हणून क्रेप बँडेज गुंडाळण्याचा सल्ला मला पूर्वी एका हौशी मंडळात मिळाला होता आणि मी तो एकदा अमलातही आणला होता. दादांनी ते ऐकताच वर्ग थांबवला. लवचीक बँडेज हालचालीबरोबर अधिकाधिक आवळत जाते, बरगड्यांवर असमान दाब देते आणि श्वास उथळ करते, हे त्यांनी फळ्यावर बरगड्यांचे चित्र काढून समजावले. योग्य मापाचा बाइंडर, म्हणजे छाती सपाट ठेवण्यासाठी खास शिवलेला आतला कपडा, वापरावा, आठ तासांहून अधिक काळ तो अंगावर ठेवू नये, त्यात झोपू नये, दुखू लागले तर प्रयोग अर्ध्यावर असला तरी काढावा, आणि पाच-सात मिनिटांच्या सादरीकरणासाठी तर अनेकदा सैल शर्टावर नीट शिवलेले जाकीटही पुरेसे असते, असे त्यांनी सांगितले. कंबर आवळणाऱ्या कोर्सेटच्या बाबतीतही त्यांचा हाच आग्रह होता की, नाडी एका दमात आवळायची नाही, थोडी ओढून शरीराला वेळ द्यायचा आणि गाण्याची सर्वांत लांब ओळ एका श्वासात म्हणून पाहायची. ती म्हणता आली नाही तर कोर्सेट सैल करायचा. सौंदर्यासाठी शरीराला इजा करून घेणे त्यांना मान्य नाही, आणि ते ज्या ठामपणे हे सांगतात त्यामागे रुग्णालयात पाहिलेले बरेच काही असावे असे मला वाटत राहिले.

चौथा वर्ग इतिहासाचा होता. पूर्वी दुसरे काम करून मग ड्रॅगकडे वळलेल्या कलाकारांची निवड दादांनी त्यासाठी केली होती. डॅनी ला रू ब्रिटिश नौदलात होते आणि नंतर दुकानाच्या दर्शनी खिडक्या सजवण्याचे काम करीत. डिव्हाइन या नावाने गाजलेले ग्लेन मिल्स्टेड बाल्टिमोरमध्ये केशरचनाकार होते. पण त्यांनी सर्वाधिक वेळ दिला तो पॉल ओ’ग्रेडी यांना. बर्कनहेडमध्ये 1955 साली जन्मलेले ओ’ग्रेडी लंडनच्या कॅम्डन भागातील नगरपरिषदेत सेवाकर्मी होते आणि अडचणीत सापडलेल्या कुटुंबांत जाऊन मुलांची आणि वृद्धांची काळजी घेत असत. त्यांनी उभ्या केलेल्या लिली सॅव्हेज या पात्राचे आडनाव त्यांच्या आईचे माहेरचे आडनाव होते आणि तिचे बोलणे घरातील बायकांच्या बोलण्यातून घडले होते. रॉयल व्हॉक्सहॉल टॅव्हर्न या लंडनमधील समलिंगींच्या पबमध्ये ते लिलीच्या वेषात वर्षानुवर्षे काम करीत होते. जानेवारी 1987 मध्ये पोलिसांनी तेथे धाड घातली तेव्हा पोलिसांच्या हातांत रबरी मोजे होते, कारण एड्सच्या भीतीने समलिंगी माणसांना स्पर्श करणेही त्यांना धोक्याचे वाटत होते. लिलीच्या वेषातील ओ’ग्रेडी यांनी मोजे पाहून, भांडी घासायला मदत आलेली दिसते, अशा अर्थाचा शेरा मारला, तो पुढे प्रसिद्ध झाला. हे सांगताना दादांनी टेबलावरील मोज्यांची जोडी उचलली. रुग्णाला आपल्यापासून आणि आपल्याला रुग्णापासून जपण्यासाठी त्यांनी सतरा वर्षे जे मोजे घातले, तेच एखाद्याला अस्पृश्य ठरवण्यासाठीही घातले जाऊ शकतात, एवढे बोलून त्यांनी ते परत ट्रेमध्ये ठेवले. त्यानंतर बराच वेळ वर्गात कोणी बोलले नाही.

एका सहभागीने बालगंधर्वांचा विषय काढला आणि आपल्याकडील स्त्री-पार्ट म्हणजे ड्रॅगच नव्हे काय, असे विचारले. दादांचे उत्तर मला पटले. बालगंधर्वांची साडी नेसण्याची पद्धत आणि त्यांचे दागिने यांचे अनुकरण त्या काळातील स्त्रिया करीत असत, म्हणजे तेथे नटाचा पुरुषपणा प्रेक्षकाच्या दृष्टीआड होणे हेच यश होते. ड्रॅगमध्ये मात्र वेषाखाली कोण आहे हे प्रेक्षकाला ठाऊक असते आणि त्या जाणिवेतूनच सादरीकरणाचा अर्थ निर्माण होतो. दोन्हींना असामान्य कौशल्य लागते, पण त्यांचे प्रेक्षकाशी असलेले करार वेगळे आहेत. यावर अधिक चर्चा व्हायला हवी होती. वेळ संपला म्हणून ती राहून गेली, याची खंत आहे.

पाचव्या वर्गात पात्र घडवण्याचा विषय आला आणि तेथे दादांनी आपल्या ताईची जन्मकथा सांगितली. रुग्णालयाच्या वॉर्डात ज्या ‘मावशी’ असतात, लादी पुसण्यापासून घाबरलेल्या नातेवाइकाला चहा पाजण्यापर्यंत सगळे ज्यांच्या हातून होते आणि ज्यांचे नाव कोणत्याही कागदावर येत नाही, त्यांच्यापैकी एका मावशींच्या आवाजाची नक्कल दादा रात्रपाळीत करीत असत. शस्त्रक्रियेपूर्वी ट्रॉलीवर पडलेल्या, थरथरणाऱ्या रुग्णांसाठी ही नक्कल सुरू झाली होती. मावशींच्या अधिकारवाणीत कोणी ‘हात सैल सोड बघू’ म्हटले की रुग्ण खरोखरच हात सैल सोडी आणि सुई नीट लागे. हाच आवाज पुढे रंगमंचावर आला, त्याला भरजरी साडी आणि उंच अंबाडा मिळाला, पण त्यातील काळजी तशीच राहिली. मी त्यांचे दोन प्रयोग पाहिले आहेत आणि दोन्ही वेळा पहिल्या रांगेतील संकोचलेल्या प्रेक्षकाला त्या ज्या रीतीने सैल करतात ते पाहताना मला ट्रॉलीवरचा तो रुग्ण आठवला.

आमच्याकडूनही त्यांनी हीच अपेक्षा ठेवली. आपापल्या नोकरीतील एक माणूस निवडा, त्याची नक्कल करू नका, त्याला काय हवे असते ते शोधा, असा गृहपाठ होता. मी माझ्या उमेदवारीच्या काळातील एका वरिष्ठ साहेबांच्या सवयी घेतल्या, ज्यांनी दोन वर्षांत एकदाही फाइलवरून मान वर करून माझ्याकडे पाहिले नव्हते. पहिल्या प्रयत्नात माझ्या हातून निव्वळ टिंगल झाली. “त्या माणसाला मान वर करायची भीती वाटत असेल, ती भीती शोध,” असे दादा म्हणाले. त्या एका वाक्यावर मी तीन आठवडे काम केले.

नोकरी सोडण्याविषयीचा सहावा वर्ग या कार्यशाळेच्या जाहिरातीत ठळकपणे सांगितलेला होता आणि काही जण केवळ त्यासाठीच आले होते. दादांनी कोणालाही नोकरी सोडण्याचा सल्ला दिला नाही. त्यांनी स्वतः सहा वर्षे दोन्ही कामे केली. रात्रपाळी आणि प्रयोग यांची वेळ एकच असल्याने सहकाऱ्यांशी पाळ्या बदलून घेतल्या, सणासुदीच्या पाळ्या त्या बदल्यात स्वतः केल्या, नंतर अर्धवेळ काम मागून घेतले आणि वर्षभराचा घरखर्च बाजूला पडल्यावरच राजीनामा दिला. आपल्या जुन्या रोजनिशीची पाने त्यांनी आम्हाला वाचायला दिली. त्यांतील पहिल्या दोन वर्षांत बहुतेक प्रयोगांसमोर मानधनाची जागा कोरी आहे. आजही त्यांचे उत्पन्न केवळ प्रयोगांवर चालत नाही; सूत्रसंचालन, नाटकांसाठी रंगभूषा आणि हे प्रशिक्षण मिळून ते उभे राहते. त्यांचे छायाचित्र एका सहकाऱ्याने कार्यालयात दाखवल्यानंतर वरिष्ठांनी त्यांना बोलावून घेतले होते, हेही त्यांनी सांगितले, परंतु त्या प्रसंगाविषयी कडवटपणा न दाखवता पुढील मुद्द्याकडे वळले. हिशेबाची पाने पाहण्याची मला सवय आहे, आणि एखाद्या कलाकाराने आपल्या व्यवसायाचा असा प्रामाणिक हिशेब नवशिक्यांपुढे ठेवलेला मी यापूर्वी पाहिला नव्हता.

आता उणिवांविषयी. खोलीतील प्रकाश रंगभूषेला अजिबात योग्य नव्हता. डोक्यावरच्या पिवळ्या दिव्यामुळे डोळ्यांखाली सावली पडत असे आणि गालांना उठाव देण्यासाठी काढलेली कॉन्टूरची गडद रेघ आरशात सौम्य दिसली तरी बाहेर आल्यावर मातीच्या पट्ट्यासारखी दिसे. आरशाच्या दोन्ही बाजूंना पांढरे दिवे बसवणे हे अशा कार्यशाळेत प्राथमिक गरजेचे आहे. दोघांत एक आरसा असल्याने निम्मा वेळ वाट पाहण्यात जाई. लिप-सिंकला, म्हणजे ध्वनिमुद्रित गाण्यावर ओठ हलवून ते सादर करण्याला, फक्त एक वर्ग मिळाला आणि तोही घाईत आटोपला, वास्तविक पाहता ओठांची हालचाल शब्दांशी जुळणे ही त्यातील सोपी बाजू असून गायिका जेथे श्वास घेते तेथेच आपणही श्वास घेतला तरच प्रेक्षकाचा विश्वास बसतो, आणि यासाठी पुष्कळ सराव लागतो.

सर्वांत मोठी उणीव मात्र ड्रॅग किंगच्या बाबतीत जाणवली. आम्ही तिघी त्यासाठी आलो होतो. आमच्या वाट्याला पूर्ण वर्ग आला नाही, दीड तास आला. बारीक कापलेले केस गोंदावर दाबून दाढी कशी लावायची, ती कडेला विरळ आणि हनुवटीवर दाट कशी ठेवायची, जबडा चौकोनी कसा भासवायचा, एवढे त्यात कसेबसे बसले. चालणे, बसणे, खिशात हात घालणे, जागा व्यापणे यांविषयी काहीच झाले नाही आणि ते आम्ही तिघींनी वर्गानंतर थांबून एकमेकींकडून शिकून घेतले. इतिहासाच्या वर्गातही स्टॉर्मे डीलार्व्हरी यांचा उल्लेख दोन वाक्यांत उरकला गेला. ज्यूएल बॉक्स रेव्ह्यू या अमेरिकन मंडळीत इतर सारे पुरुष कलाकार स्त्रीवेषात असताना 1955 पासून 1969 पर्यंत पुरुषवेषात सूत्रसंचालन करणारी ही एकटी स्त्री आमच्यासाठी दोन वाक्यांची नव्हती. हे मी शेवटच्या आठवड्याआधी दादांना स्पष्टपणे सांगितले.

आठव्या आठवड्यातील सादरीकरण साठेक प्रेक्षकांसमोर झाले. विंगेत ताई पूर्ण साजात उभ्या होत्या आणि प्रत्येकाची एन्ट्री होण्यापूर्वी त्याच्या विगची जाळी, पापण्यांची कड आणि बुटांचे बंद त्या ठरावीक क्रमाने तपासत होत्या. माझी पाळी आली तेव्हा त्यांनी माझ्या दाढीच्या कडा बोटाने दाबल्या, दोन बोटे जाकिटाखाली घालून श्वास मोकळा आहे ना हे पाहिले आणि म्हणाल्या, “हात सैल सोड बघू.” मी फाइल घेऊन रंगमंचावर गेले, टेबलाशी बसले आणि गाण्याचे शेवटचे कडवे येईपर्यंत मान वर केली नाही. मान वर केली तेव्हा प्रेक्षागृहात जी शांतता पसरली ती माझ्या एकोणीस वर्षांच्या नोकरीतून आलेली होती, याविषयी माझ्या मनात शंका नाही.

ज्यांना एका दुपारी सजून छायाचित्रे काढून घ्यायची आहेत त्यांनी ही कार्यशाळा निवडू नये; येथील पहिले दोन आठवडे त्यांना कंटाळवाणे वाटतील. ज्यांच्यापाशी दुसऱ्या एखाद्या कामाची बरीच वर्षे जमा आहेत आणि रंगमंचावर जाताना ती टाकून द्यावी लागतील अशी भीती ज्यांना वाटते, त्यांनी मात्र अवश्य यावे. केवळ मेकअप शिकू इच्छिणाऱ्या नाट्यकर्मींनाही त्वचेच्या वर्गांचा मोठा उपयोग होईल. नोंदणी करताना आरशांची आणि प्रकाशाची व्यवस्था सुधारली आहे का, हे आधी विचारून घ्यावे.

प्रयोगानंतर मोजणीत बाविसाऐवजी एकवीस पिना भरल्या. प्रेक्षक निघून गेले होते, अर्ध्यांच्या चेहऱ्यांवरचा रंग उतरला होता, तरी दार बंदच राहिले. बाविसावी पिन विगच्या अस्तरात सापडली आणि दादांनी फळ्यावरच्या आकड्यापुढे खूण केली. मग वही उघडून त्यांनी माझी तक्रार मला वाचून दाखवली, पुढील तुकडीत किंगसाठी दोन संपूर्ण वर्ग ठेवल्याची नोंद दाखवली, आणि त्यांतील चालण्या-बसण्याचा वर्ग मी घेईन का, असे विचारले. मी होकार दिला आहे.